फाला पहिलं स्टेज कोणी दिलं

ताई, तुला जाऊन सतरा दिवस झाले आणि या सतरा दिवसांत मी तुझ्याबद्दल किमान दहा जणांशी खोटं बोललो आहे.

शोकसभेला इथल्या मराठी मंडळाचे अध्यक्ष म्हणाले, "आज अख्ख्या आशियात नाव असलेल्या गायिकेला या बाईंनी आणि त्यांच्या कुटुंबानं घडवलं." 'कुटुंब' म्हणताना त्यांनी माझ्याकडे हात केला. मी मान खाली घातली. लोकांना ते दुःख वाटलं, काहींना नम्रपणा वाटला. ती शरम होती. पण मान खाली घातलेल्या माणसाला कोणी काही विचारत नाही, ही सोय मला ठाऊक होती.

ही गोष्ट मी इतक्यांदा चुकीची सांगितली आहे, की आता तुलाच पहिल्यापासून सांगतो. तुला सगळं माहीत होतं हे परवा कळलं, तरीही.

तू सांगलीच्या शाळेतली संगीत शिक्षिकेची नोकरी संपवून ख्राइस्टचर्चला आलीस तेव्हा इरा आठ वर्षांची होती. मीच हट्टानं बोलावलं होतं, "रिकार्टनचं घर मोठं आहे, एकटी काय राहतेस तिकडे." घर मोठं होतं, पण तुझ्या पेटीला त्यात जागा नव्हती. भूकंपानंतर सगळं शहर नव्यानं बांधलं जात होतं, मी घरी ड्रॉइंग्ज आणायचो, कॉल चालायचे. दुसऱ्याच आठवड्यात मी म्हटलं, "ताई, रियाजाला गॅरेजमध्ये बसतेस का? तिथे आवाज होत नाही." म्हणजे आम्हाला होत नाही. सतरंजी, पेटी आणि एकावर एक दोन स्वेटर घेऊन तू गाडीचे जुने टायर आणि लॉनमोवर यांच्यामध्ये जाऊन बसलीस. जून महिना होता, इथला ऐन हिवाळा. सकाळी गवतावर बर्फाचा थर असायचा.

गॅरेजचं दार तू अर्धं उघडं ठेवायचीस, उजेडासाठी. तिथेच एक दिवस ती उभी राहिली. शेजारची थाई मुलगी, नऊ वर्षांची, एवढ्या थंडीत पायात जॅन्डल्स, नुसत्या रबरी चपला. नाव फा. "म्हणजे आकाश," असं तिनं इराला सांगितलं होतं. तिची आई एका थाई टेकअवेच्या स्वयंपाकघरात काम करायची, आणि आईचं नाव ऐकून तू केवढी हसली होतीस. सोमजाई. "अरे विनू, ही तर आपल्या कोकणातली देवी."

तुला इंग्रजी येत होतं ते शाळेच्या परिपत्रकापुरतं. तू म्हणालीस, "कम. सिट. बॅक स्ट्रेट." ती आली, बसली, पाठ ताठ केली. तू सा लावलास, तिनं लावला. इराला जे सहा आठवड्यांत जमलं नव्हतं ते तिला त्या सकाळी जमलं. तू संध्याकाळी मला ते सांगितलंस आणि मला राग आला. खरं सांगतो, माझी मुलगी आणि शेजारची मुलगी यांची तुलना केलीस म्हणून राग आला. तू तुलना केलीच नव्हतीस. तू फक्त म्हणालीस, "कान आहे रे त्या पोरीला."

मग ती रोज यायला लागली. माझं ऐकून तीही तुला ताई म्हणायची, कुंपणापलीकडूनच "ताई, ताई" ओरडत यायची. एक दिवस सोमजाई हातातला डाव घेऊन धावत बाहेर आली, चेहरा पांढरा पडलेला. आम्ही घाबरलो. मग कळलं की थाई भाषेत त्या उच्चाराचा अर्थ मरण असा होतो, आणि तिची मुलगी रोज शेजारच्या दारात उभी राहून ते ओरडत होती. तू खाली बसून हसलीस, मग सोमजाईही हसली. त्या दिवसापासून फा तुला 'पा' म्हणायला लागली. आईपेक्षा मोठ्या मावशीला त्यांच्यात तसं म्हणतात. सरगम म्हणताना पंचमावर आली की ती तुझ्याकडे बघून हसायची. सोमजाई तुझ्यासाठी मासळीचं पाणी न घालता कच्च्या पपईची कोशिंबीर करून आणायची, तू तिला थालीपीठ द्यायचीस. तुम्हा दोघींचं बोलणं काय व्हायचं देव जाणे. पण कुंपणाशी अर्धा अर्धा तास उभ्या असायच्यात.

आता दोन वर्षांनंतरचा तो गणेशोत्सव.

मंडळाचा कार्यक्रम एका शाळेच्या हॉलमध्ये होता. त्या वर्षी सांस्कृतिक कार्यक्रम माझ्याकडे होते. तू फाला एक प्रार्थना बसवून दिली होतीस, चाल तुझीच. दोन महिने रोज. तुझ्या जुन्या जांभळ्या साडीचं परकर-पोलकं तिला शिवलंस. नाव मी यादीत सातव्या नंबरावर लिहिलं होतं. आदल्या आठवड्यात कमिटीत एक जण म्हणाले, "आपल्या मुलांनाच वेळ पुरत नाही, ती कशाला मध्ये?" त्यांचा आवाज काही वाईट नव्हता. इतरांनी ऐकून घेतलं. माझ्याकडे सगळे बघत होते, कारण ती माझ्या शेजारची. मी म्हणू शकलो असतो की दोन वर्षं मी तिला गॅरेजमध्ये ऐकतोय. मी पेन काढलं आणि नाव खोडलं. आणि तो वेळ इराच्या नाचाला दिला.

तुला सांगायचं धाडस आठवडाभर झालं नाही. हॉलमध्ये शेवटच्या क्षणी विंगेत येऊन म्हटलं, "ताई, वेळ संपली. पुढच्या वर्षी बघू." वेळ संपली नव्हती. नंतर अध्यक्षांचं भाषण पंचवीस मिनिटं चाललं. फा परकर-पोलक्यात, केसात गजरा माळून पहिल्या रांगेच्या टोकाला सगळा कार्यक्रम बघत बसली. इराच्या नाचाला तिनं सगळ्यांत जोरात टाळ्या वाजवल्या.

जेवणं झाल्यावर तू तिला हॉलच्या स्वयंपाकघरात घेऊन गेलीस. तिथे तीन बायका पातेली घासत होत्या. तू तिला म्हणालीस, "सिंग." पेटी नाही, काही नाही. ती गायली. मी चहा घ्यायला आलो होतो. एका बाईनं नळ बंद केला, तेवढं मी दारातून पाहिलं. मी आत आलो नाही. पूर्ण होईपर्यंत दाराआड उभा राहिलो आणि संपताच हॉलमध्ये परत गेलो, खुर्च्या उचलायला. त्या मुलीचं गाणं काय आहे हे मला त्या दिवशी, त्या दाराआड कळलं. ते कळल्याचं मी कोणालाही सांगितलं नाही.

घरी परतताना गाडीत तू माझ्या शेजारी बसली होतीस, मुली मागे. फा म्हणाली, "इट्स ऑल गुड, पा." तिला वाटलं, तुला वाईट वाटतंय. घरी पोचल्यावर तू मला स्वयंपाकघरात गाठलंस. "विनू, तू तिला नाही खाली बसवलंस. मला बसवलंस." मी उलट तुझ्यावरच भडकलो. "तुझा हट्ट आहे हा. शेजारच्या पोरीला गाणं शिकवून काय होणार आहे?" तू म्हणालीस, "काही व्हायलाच हवं का?" तुझी भावजय मेधा मध्ये पडली म्हणून तिथेच थांबलं. ते भांडण आपण कधी पुरं केलं नाही. तू मंडळाच्या कार्यक्रमाला पुन्हा आली नाहीस, आणि मी लोकांना सांगत राहिलो की ताईला थंडी सोसत नाही.

फा चौदा वर्षांची झाल्यावर रविवारच्या बाजारात गायला लागली, भाजीच्या आणि डोनटच्या गाड्यांमध्ये उभी राहून. कोणीतरी व्हिडिओ काढला, तो बँकॉकपर्यंत पोचला आणि तिथल्या एका कंपनीनं तिला ऑडिशनला बोलावलं. सोमजाई माझ्याकडे सल्ल्याला आली. मी शिकलेला, इंजिनिअर. मी सोफ्यावरून न उठता म्हटलं, "शाळा पुरी करू दे. नर्सिंग वगैरे करेल, इथे हीप्स ऑफ जॉब्ज आहेत. या गाण्याबिण्याचं काही खरं नसतं." तू ताटं वाढत होतीस. हात न थांबवता सोमजाईला म्हणालीस, "लेट हर गो. यू गो विथ हर, वन मंथ. देन कम बॅक." तिनं माझं ऐकलं नाही, तुझं ऐकलं.

बँकॉकला तिची तीन वर्षं वाईट गेली. हे मला सोमजाईकडून तुकड्यातुकड्यांनी कळत गेलं. सकाळपासून नाच, वजनाचा काटा, थाई बोलताना तिचे किवी उच्चार ऐकून हसणाऱ्या मुली. तिथल्या शिक्षिकेनं सांगितलं, आवाजात हे जे घसरत घसरत स्वरावर येणं आहे ना, ते म्हाताऱ्या बायकांचं आहे, ते काढून टाक. तिनं रडत तुला फोन केला. तो फोन मी ऐकला होता, तू गॅरेजमध्ये स्पीकर लावून बोलत होतीस. तू म्हणालीस, "कीप इन कबर्ड. नो थ्रो." मला तेव्हा हसू आलं. ऑफिसात मी तुझी नक्कल करून दाखवली होती, ताई. लोक हसले होते.

एकोणिसाव्या वर्षी तिचं पहिलं मोठं गाणं आलं. टेकअवे बंद झाल्यावर खुर्च्या टेबलावर उलट्या ठेवणाऱ्या मुलीचं गाणं. तिनं ते स्वतः लिहिलं होतं आणि धृपदाच्या शेवटी कपाटातलं ते बाहेर काढलं होतं. वरच्या स्वरावरून आवाज इतक्या सावकाश खाली येतो की ऐकणाऱ्यालाच धरून ठेवावंसं वाटतं. लाखो लोकांनी नेमकी तीच जागा पुन्हा पुन्हा ऐकली. बँकॉकच्या रिक्षांमध्ये, मॉलमध्ये, पोरांच्या फोनवर ती तुझी मींड वाजत होती. इथे तू मटार सोलत ऐकलंस आणि म्हणालीस, "थोडी घाई केली. पण छान."

आणि मी बोलायला लागलो. आधी ऑफिसात, मग मंडळात, "ती आमच्याच घरी शिकली." मग एका ऑनलाइन मराठी चॅनेलनं मुलाखत मागितली. तुझी नाही, माझी. तू बोलशील का, असं त्यांनी विचारलं होतं. मी कळवलं, तिला कॅमेऱ्याची सवय नाही. तुझी पेटी गॅरेजमधून आणून मागच्या टेबलावर दिसेल अशी ठेवली. त्यांनी विचारलं, "तिला पहिलं स्टेज कुठे मिळालं?" मी म्हणालो, "आमच्या गणेशोत्सवात. मीच तेव्हा कार्यक्रम बघत होतो. म्हटलं, ही मुलगी गायलीच पाहिजे."

तू बाजूच्या खोलीत होतीस. दार उघडं होतं. मुलाखत संपवून मी बाहेर आलो तेव्हा तू कपड्यांच्या घड्या घालत होतीस. मला वाटलं, आता बोलशील. बोलली असतीस तर बरं झालं असतं. तू म्हणालीस, "चहा टाकू का?" मी म्हटलं, टाक. आपण चहा प्यायलो. तू पेटी उचलून परत गॅरेजमध्ये नेऊन ठेवलीस.

गेल्या उन्हाळ्यात फाचा ऑकलंडला कार्यक्रम ठरला. तिनं मला मेसेज पाठवला, कारण तुझ्याकडे स्मार्टफोन नव्हता आणि घरच्या फोनवर नेहमी मीच असायचो. 'पाला घेऊन याल का? विमानाचं, राहण्याचं सगळं मी बघते. तिला पहिल्या रांगेत बसवायचं आहे.' तो मी पार्किंगमध्ये गाडीत बसून तीन वेळा वाचला. डोळ्यांपुढे एवढंच आलं: स्टेजमागे तू, ती, कॅमेरे, आणि कोणीतरी त्या पहिल्या कार्यक्रमाबद्दल विचारतंय. मी लिहिलं, 'ताईची तब्येत बरी नसते. प्रवास झेपणार नाही. सॉरी.' त्या दिवशी सकाळी तू कोपऱ्यावरच्या डेअरीतून दूध घेऊन चालत आली होतीस. तुला मी काहीच सांगितलं नाही.

चार महिन्यांनी तुला झटका आला. हॉस्पिटलमध्ये तीन दिवस तू डोळे उघडायचीस, मिटायचीस. मी शेजारी बसून होतो. सांगायला तीन दिवस होते. मी नर्सना औषधांबद्दल विचारत राहिलो.

परवा दुपारी सोमजाई आली. ती शहराच्या दुसऱ्या टोकाला राहायला गेल्यापासून तुमचं भेटणं सुटलं असेल, असं मी धरून चाललो होतो. खरं म्हणजे तुझ्याबद्दल बरंच काही मी असंच धरून चाललो. तिनं डब्यातून चिकट भात आणि आंबा आणला होता, तो तुझ्या फोटोपुढे ठेवला. बसली. मग तिच्या इंग्रजीत म्हणाली, मंगळवारी पा येत नाही, त्यामुळे तिला काय करावं कळत नाही.

"मंगळवारी?"

"एव्हरी ट्यूजडे," ती म्हणाली. "बस टेक. फाइव्ह यिअर."

मंगळवारी तू वाचनालयात जायचीस, ताई. आम्हाला तसं सांगून.

मग तिनं सगळं सांगितलं. दर मंगळवारी तिच्या फोनवरून तू बँकॉकला बोलायचीस. कधी फा नवीन गाणं ऐकवायची, कधी नुसती जांभया देत बसायची, तू तिला झोप म्हणायचीस. माझा मेसेज गेल्यावर फानं घाबरून आईला विचारलं, पाला काय झालं? सोमजाईनं तुला विचारलं. तू सांगितलंस, काही नाही, मी ठणठणीत आहे. मग म्हणालीस, विनूला वाटलं असेल मी थकेन.

ऑकलंडच्या कार्यक्रमाच्या दुसऱ्या दिवशी फा इथे आली. टोपी घालून, कोणाला न कळवता. सोमजाईच्या स्वयंपाकघरात तुम्ही तिघी चार तास बसलात. तिनं आदल्या दिवशीचं सगळं गाणं तुला बसल्या बसल्या म्हणून दाखवलं आणि तू दोन ठिकाणी थांबवलंस. माझी मुलाखत तिनं पाहिली होती. तिच्या चाहत्यांनी थाई भाषेत सबटायटल्स घालून ती सगळीकडे फिरवली होती. तिला खरं काय ते लिहायचं होतं. एक ओळ लिहिली असती तर पुरे होती, एवढी माणसं तिचं वाचतात.

"पा से नो," सोमजाई म्हणाली. "शी से, ही इज माय स्मॉल ब्रदर."

त्या संध्याकाळची मला आठवण आहे. तू घरी आलीस ती गुणगुणत. चेहरा उजळला होता. मी विचारलं होतं, "काय गं, आज स्वारी खुशीत?" तू म्हणालीस, "काही नाही रे, बसमध्ये छान ऊन येत होतं." आणि गुणगुणणं थांबवलंस. आयुष्यातला एवढा मोठा दिवस तुला माझ्या घरात लपवून आणावा लागला, आणि तोही माझी लाज राखण्यासाठी.

सोमजाई गेल्यावर मी इराला सांगितलं. ती वेलिंग्टनहून तुझ्यासाठी आली होती ती अजून इथेच आहे. मी गणेशोत्सवापासून सांगायला सुरुवात केली. तिनं मध्येच थांबवलं.

"डॅड, आय वॉज देअर. आय वॉज टेन."

"तुला कळलं होतं?"

मग ती मराठीत बोलली. तुला माहीत आहे, ती किती क्वचित बोलते. "माझा नाच वाढवला ना तू. आत्या म्हणाली होती, बाबांना विचारू नकोस."

मी चॅनेलला कळवलं आहे की माझी मुलाखत खोटी होती, ती काढून टाका आणि मी का सांगतोय तेही लोकांना सांगा. अध्यक्षांना फोन केला. ते म्हणाले, जाऊ द्या हो, आता कशाला, ताई तर गेल्या. मी म्हटलं, येत्या रविवारी मला पाच मिनिटं बोलायला द्या. ते कुरकुरत हो म्हणाले.

काल दुपारी फाला फोन केला. तुझ्या अंत्यविधीला ती आली नव्हती. आपल्यामागे कॅमेरे येतील आणि पाचं शेवटचं नीट होणार नाही, असं तिनं आईला सांगितलं होतं. मी जे काही होतं ते एका दमात सांगितलं. वेळ संपली नव्हती. तिचं नाव मी खोडलं. ऑकलंडच्या वेळी तिला खोटं कळवलं. तिला यातलं बरंचसं माहीत होतं, ती नुसती ऐकत होती. मग मी म्हटलं, "त्या दिवशी स्वयंपाकघरात तू गायलीस तेव्हा मी दाराबाहेर होतो."

तिनं विचारलं, "तुम्ही ऐकलं होतं?"

"हो. पूर्ण."

"कसं झालं होतं?"

मला आधी प्रश्नच कळला नाही. ती म्हणाली, पा म्हणायची छान झालं, पण पा तसं म्हणणारच. त्या बायका मराठीत काहीतरी बोलल्या, ते मला समजलं नाही. बाकी कोणी ऐकलंच नव्हतं, असं मी समजत होते.

हजारो माणसांपुढे गाणारी मुलगी हे विचारत होती, आणि तिचा आवाज अगदी लहान झाला होता. मी म्हटलं, "त्या दिवशीच्या अख्ख्या कार्यक्रमात तेवढंच एक गाणं झालं. मला तेव्हाच कळलं होतं."

ती म्हणाली, "थँक यू, अंकल." आणि रडायला लागली. मीही.

हे वाक्य मी त्याच दिवशी तुला म्हणू शकलो असतो, ताई. गाडीत तू माझ्या शेजारीच होतीस. हॉलपासून घरापर्यंत वीस मिनिटांचा रस्ता होता.